खोक्यावर ‘निव्वळ जीबी’ छापायला काय जातं?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पुरवणीत टीव्हीच्या स्ट्रीमिंग बॉक्सवर (नेटवरनं टीव्हीवर सिनेमे, मालिका दाखवणारा डबा) गेम कसे टाकायचे ह्यावर अर्धं पान आलं होतं, ते आमच्या मिरजेत भलतंच वाचलं गेलंय. मी केबल आणि ब्रॉडबँडचं काम करतो, त्यामुळं पेपर घरोघरी पोचला की नाही ते मला फोनवरूनच कळतं. "काका, पेपरात दिलंय तसं सगळं केलं, ॲप नॉट इन्स्टॉल्ड म्हणतंय, जरा येऊन बघा की." पेपरात आलंय म्हणल्यावर लोकांना ते पक्कं वाटतं आणि मग चूक बॉक्सची, नाहीतर नेटची, म्हणजे फिरून माझीच. लेख खोटा आहे असं माझं म्हणणं नाही, तो अर्धा आहे, आणि जो अर्धा राहिलाय तोच घरात बसून गेम टाकणाऱ्याला लागतो. बॉक्स विकणारेसुद्धा हेच करतात, पण त्यांच्याकडं नंतर येतो.

लेखात सरळ लिहिलंय की मोबाईलवरचा कुठलाही गेम एपीके फाईल (अँड्रॉइड ॲपची इन्स्टॉल करायची फाईल) टाकून टीव्हीवर चालवता येतो. टाकता येतो, चालेलच ह्याची खात्री कोण देणार? मोबाईलचा गेम बोटांसाठी केलेला असतो, एका अंगठ्यानं पळायचं, दुसऱ्यानं गोळी मारायची, मधेच स्क्रीन सरकवून मागं बघायचं, आणि टीव्हीच्या रिमोटला काय असतं तर वर, खाली, डावं, उजवं, मधे ओके आणि बॅक. पोरं बीजीएमआय हा गोळीबाराचा गेम टाकून द्या म्हणून मागं लागतात. समजा टाकला, समजा उघडलासुद्धा, आणि स्क्रीनवर टॅप करा असं आलं, तर टॅप कशानं करणार, टीव्हीला बोट लावून? (लावणारी पोरं मी बघितलीत, आणि पॅनलवरचे डाग पुसत बसलेल्या त्यांच्या आयापण बघितल्यात.) रिमोटनं माऊससारखा बाण फिरवायची ॲप मिळतात, त्यानं मेनू कसाबसा पार होतो, पुढं गेममधे कोण आपल्यासाठी थांबत नाही.

बरेच जण विचारतात की टीव्हीच्या प्ले स्टोअरमधे गेम एवढे कमी का दिसतात, माझा बॉक्स डुप्लिकेट तर नाही ना. उलट आहे. ॲप बनवणाऱ्यानं हे टचस्क्रीनशिवाय चालतं आणि टीव्हीसाठी केलंय अशी नोंद ॲपमधे केली असेल तरच गूगल ते टीव्हीच्या स्टोअरमधे दाखवतं. म्हणजे यादी लहान आहे ती चाळून घेतलेली आहे म्हणून. आणि ज्या बॉक्सवर मोबाईलसारखं अख्खं प्ले स्टोअर उघडतं, होम स्क्रीनपण मोबाईलसारखीच दिसते, तिथं उलट जरा संशय घ्यावा. त्यावर पुढं लिहितो.

आता ते ॲप नॉट इन्स्टॉल्ड. ह्याचं एक मोठं कारण ३२ बिट आणि ६४ बिट, म्हणजे सिस्टीम एका दमात केवढा आकडा हाताळते ते. मोबाईल आता बहुतेक ६४ बिटचे आहेत आणि त्यांच्यासाठीची एपीके तशीच असते, पण ॲमेझॉनच्या फायर टीव्ही स्टिकसारख्या बऱ्याच स्टिका (टीव्हीच्या एचडीएमआयमधे खुपसायचे छोटे बॉक्स) आणि बॉक्स आतून ३२ बिटची सिस्टीम चालवतात, आतली चिप ६४ बिटची असली तरी. अशा बॉक्सवर ६४ बिटची फाईल तुम्ही कितीवेळा डाउनलोड करा, बॉक्स रिस्टार्ट करा, नारळ फोडा, ती बसणार नाही. एवढी एक ओळ लेखात असती तर माझ्या अर्ध्या फेऱ्या वाचल्या असत्या.

जागेचं तर विचारूच नका. शाओमीचा ‘मी बॉक्स फोरके’ भारतात २०२० साली आला, त्याला २ जीबी रॅम (ॲप चालताना लागणारी तात्पुरती मेमरी) आणि ८ जीबी स्टोरेज (ॲप ठेवायची जागा), त्याच वर्षी आलेल्या ‘मी टीव्ही स्टिक’ला १ जीबी रॅम आणि तेच ८ जीबी, आणि हे बॉक्स अजून घराघरात आहेत, लोक टीव्ही बदलतात पण बॉक्स तोच. ह्या ८ मधनं सिस्टीम आणि आधीपासून टाकलेली ॲप जवळपास निम्मी जागा खातात, मग घरातली चार ओटीटी ॲप आली, त्यांचा कॅश (तात्पुरता जपलेला डेटा) साठला, की गेमसाठी उरतं ते मोबाईलमधे एका लग्नाच्या व्हिडिओला पुरणार नाही एवढं. त्यात हल्लीचे मोठे गेम आधी छोटी फाईल उतरवतात आणि उघडल्यावर म्हणतात आता आणखी डेटा डाउनलोड करा. तिथं बॉक्स गार. जागा संपली की मग गेम सोडा, मालिकासुद्धा अडकायला लागते आणि आजीबाई मला फोन करतात की नेट स्लो आहे.

माझी खरी तक्रार इथंच आहे, आणि ती तुमच्यापेक्षा विकणाऱ्यांवर जास्त आहे. बिस्किटाच्या पुड्यावर निव्वळ वजन छापावं लागतं, वैधमापनवाले तपासतात, पुडा केवढाबी मोठा असू दे आत ग्रॅम किती ते कळतं. मग खोक्यावर ठळक ८ जीबी लिहिणाऱ्याला गिऱ्हाईकाच्या हातात प्रत्यक्षात मोकळे किती जीबी पडणार ते छापायला काय होतं? रॅम तर कित्येक खोक्यांवर शोधून सापडत नाही. आणि गेम पॅड हातात धरलेला पोरगा मात्र खोक्यावर हसत असतो. आमच्या गिऱ्हाईकातल्या एका रिटायर मास्तरांना एका ब्रॉडबँड कंपनीच्या माणसानं (नाव घेत नाही) कनेक्शनबरोबर बॉक्स देताना सांगितलं होतं की ह्याच्यावर नातवाला सगळे गेम खेळता येतील. नातवाचा पॅड ब्लूटूथच्या यादीत दिसायचा, जोडला असं म्हणायचा, आणि गेममधे एकही बटण काम करायचं नाही. कस्टमर केअरला विचारलं तर बॉक्स बंद करून चालू करा. मास्तर रोज बंद करून चालू करत होते बिचारे, शिस्तीचे माणूस. शेवटी बघितलं तर त्या बॉक्सला तो पॅड चालतच नव्हता, कुठले चालतात त्याची यादी खोक्यावर नाही, आतल्या कागदावर नाही, कुठंच नाही.

पॅडवरनं आठवलं, लेखात कुठलाही ब्लूटूथ पॅड जोडा असं एका ओळीत उरकलंय. जरा थांबा की. प्लेस्टेशन ४ चा पॅड असेल तर पीएस आणि शेअर ही दोन बटणं एकदम दाबून धरायची, वरची लाईट भराभर लुकलुकायला लागली की मग बॉक्सच्या ब्लूटूथमधे वायरलेस कंट्रोलर असं नाव येतं, नुसतं पीएस बटण दाबून काही होत नाही, तो आपल्या जुन्या मशीनलाच शोधत बसतो. एक्सबॉक्सचा सेकंडहँड पॅड घेताना तर बघूनच घ्यावा कारण सुरुवातीच्या एक्सबॉक्स वनच्या पॅडला ब्लूटूथच नव्हतं. ओळखायची खूण सोपी आहे, मधल्या गोल एक्सबॉक्स बटणाभोवतीचं प्लॅस्टिक पुढच्या भागाचंच असेल तर ब्लूटूथ आहे, आणि ते वरच्या चकचकीत पट्टीत बसवलेलं, वेगळ्या तुकड्याचं असेल तर नाही. स्वस्तातल्या पॅडना दोन-तीन मोड असतात, होमबरोबर कुठलं बटण दाबलं की अँड्रॉइडचा मोड येतो ते त्याच्या चिठोऱ्यावर बारीक अक्षरात असतं, ते चिठोरं लोक खोक्याबरोबर टाकून देतात.

पॅड जोडला, गेम चालू झाला, आणि मग तक्रार येते की बटण दाबल्यावर माणूस उशिरा उडी मारतो. ह्यात बॉक्सचा दोष थोडा, टीव्हीचा जास्त. टीव्ही चित्र गुळगुळीत दाखवायला आत बरीच उलाढाल करतो आणि त्यात वेळ जातो, म्हणून पिक्चरच्या सेटिंगमधे गेम मोड असतो तो चालू करायचा. दुसरं म्हणजे ब्लूटूथ आणि वायफायचा २.४ गिगाहर्ट्झचा पट्टा एकच, त्यामुळं राउटर ड्युअल बँड (२.४ आणि ५ दोन्ही देणारा) असेल तर बॉक्स ५ गिगाहर्ट्झवर टाकायचा, पॅडचं अडकणं बरंच कमी होतं.

आणि एक गोष्ट तर प्रत्येक घरात सांगून माझं तोंड दुखायला लागलंय. स्टिकबरोबर जो ॲडाप्टर येतो तो लोक मोबाईलला लावतात आणि स्टिकची वायर टीव्हीच्या यूएसबीत खुपसतात, एक प्लग वाचला म्हणून खूष. टीव्हीचा साधा यूएसबी पोर्ट अर्धा अँपिअर करंट देतो, स्टिकचा ॲडाप्टर एक अँपिअरचा असतो. सिनेमा बघताना कसंतरी निभावतं पण गेम सुरू झाला की प्रोसेसर जोर लावतो आणि स्टिक मधेच बंद पडून परत चालू होते. पोरगं म्हणतं गेम खराब आहे, बाप म्हणतो स्टिक खराब आहे. ॲडाप्टर लावा हो. आणि टीव्हीच्या मागं भिंतीला चिकटून स्टिक तापते, खोक्यात एचडीएमआयची आखूड वायर दिलेली असते ती त्यासाठीच आहे, फेकू नका.

एवढं वाचून कुणाला वाटेल ह्या माणसाला गेमचंच वावडं आहे. तसं अजिबात नाही. टीव्हीसाठी केलेले गेम ह्या बॉक्सवर मस्त चालतात, क्रॉसी रोड आहे, बीच बग्गी रेसिंग आहे, जागा आणि रॅम असेल तर ॲस्फाल्ट ८ आहे. एअरकन्सोल म्हणून आहे त्यात पॅडच लागत नाही, टीव्हीवर कोड येतो, तो आपापल्या मोबाईलवर टाकला की मोबाईलच पॅड होतो, पाहुणे आल्यावर घरातली सगळी पोरं एकदम खेळतात. सुडोकू, बुद्धिबळ तर नुसत्या रिमोटवर. टाकायचे कसे, तर रिमोटनं एकेक अक्षर टाईप करत बसायचं कारण नाही, फोनवर नाहीतर कॉम्प्युटरवर त्याच गूगल अकाउंटनं प्ले स्टोअर उघडायचं, गेम शोधायचा आणि इन्स्टॉल करताना डिव्हाईसमधे टीव्ही निवडायचा, बॉक्सवर तो आपोआप उतरतो. ॲमेझॉनच्या वेबसाईटवरनंपण स्टिकवर असंच पाठवता येतं. हे लेखात नव्हतं, ह्याचं मला जास्त नवल वाटलं, कारण एपीकेच्या भानगडीपेक्षा हे कितीतरी सोपं आहे.

कंपन्यांनी पण सुरुवातीला गेम मनावर घेतले होते. ॲमेझॉननं २०१४ साली पहिला फायर टीव्ही काढला तेव्हा त्याच्यासाठी स्वतःचा गेम पॅडसुद्धा विकायला ठेवला होता. त्याच वर्षी फेब्रुवारीत फ्लॅपी बर्ड ऐन भरात असताना त्याच्या कर्त्यानं स्टोअरमधून काढून टाकला आणि ऑगस्टमधे तो परत आणला तो फक्त फायर टीव्हीवर, फ्लॅपी बर्ड्स फॅमिली नावानं, दोघांनी मिळून खेळायचा. २०१५ ला एनव्हिडियाचा शील्ड आला, तो खरंच गेमसाठीच केलेला बॉक्स. २०१६ च्या डिसेंबरात माइनक्राफ्ट फायर टीव्हीवर आणि ॲपल टीव्हीवर आला, आणि ॲपल टीव्हीवरचा २०१८ मधे बंदपण झाला. गूगलचं स्टेडिया (नेटवरनंच गेम खेळायची सेवा) २०१९ ला आलं, आपल्याकडं आलंच नाही, आणि जानेवारी २०२३ ला त्याला कुलूप लागलं. म्हणजे टीव्हीवरच्या गेमचं असं आहे, आज विकत घेतलेला उद्या राहीलच असं नाही, म्हणून पैसे भरताना जरा हात आखडता घ्यावा. घरात पोरं असतील तर खरेदीला पिन लावून ठेवा, फायर टीव्हीत पॅरेंटल कंट्रोल्समधे आहे, गूगलच्या स्टोअरमधे खरेदीच्या वेळी पासवर्ड मागायची सोय आहे.

आता ज्यासाठी मुख्य लिहायला बसलो ते. लेखात अननोन सोर्सेस (स्टोअरच्या बाहेरची ॲप टाकायची परवानगी) चालू करा आणि इंटरनेटवरनं एपीके उतरवा एवढंच आहे. कुठनं उतरवा ते नाही, नंतर बंद करा हे नाही, आणि डेव्हलपर ऑप्शन्समधलं एडीबी डिबगिंगपण (बाहेरच्या कॉम्प्युटरला बॉक्सवर हुकूम चालवू देणारी सोय) चालू करून ठेवा असं बिनधास्त लिहिलंय. साहेब, २०१८ मधे एडीबी डॉट मायनर नावाचा व्हायरस ह्याच उघड्या दारातनं अँड्रॉइड टीव्ही बॉक्समधे आणि फायर टीव्हीमधे शिरला होता, तो बॉक्सचा प्रोसेसर वापरून दुसऱ्यासाठी गुपचूप क्रिप्टोकरन्सी (डिजिटल चलन) खणायचा आणि बॉक्स तापून रेंगाळायचा. साधा गेम टाकायला हे डिबगिंग लागतच नाही. फायर स्टिकवर डेव्हलपर ऑप्शन्स दिसत नसेल तर अबाउटमधे जाऊन स्टिकच्या नावावर सातवेळा ओके दाबायचं, मग ज्या ॲपमधनं फाईल उतरवणार फक्त त्याच ॲपला परवानगी द्यायची, गेमच्या मूळ कंपनीच्या साईटवरनंच फाईल घ्यायची, आणि काम झालं की परवानगी काढून घ्यायची. अनलिमिटेड कॉईन्सवाली मॉड एपीके (परस्पर फेरफार केलेली फाईल) कुणी दिली तर त्याला तुझ्याच टीव्हीवर टाक म्हणावं. ऑगस्ट २०२५ ला पैसे लावून खेळायच्या ऑनलाईन गेमवर बंदीचा कायदा झाला तरी रमीच्या एपीकेच्या लिंका मला व्हॉट्सॲपवर येतात, आणि तेच लोक बाकीचे गेमपण देतात.

त्यातनं लेखातला फोटो! तो होता बिननावाच्या स्वस्त अँड्रॉइड बॉक्सचा, जो बाजारात मिळतो, सगळे चॅनल फुकट, सगळे गेम फुकट म्हणून. त्यातल्या कित्येकांना गूगलचं सर्टिफिकेशन नसतं, आत मोबाईलचं अँड्रॉइड कोंबलेलं असतं, वर सांगितलं तसं अख्खं मोबाईलचं स्टोअर दिसतं त्यातले बरेच हे. २०२३ च्या जानेवारीत टी९५ नावाच्या अशा बॉक्समधे कारखान्यातनंच मालवेअर (घातक सॉफ्टवेअर) आलेलं सापडलं. सप्टेंबर २०२४ ला डॉक्टर वेब ह्या अँटीव्हायरस कंपनीनं सांगितलं की व्हॉइड नावाच्या मालवेअरनं १९७ देशांतले जवळपास १३ लाख टीव्ही बॉक्स पोखरलेत. जून २०२५ मधे अमेरिकेच्या एफबीआयनं बॅडबॉक्स २.० (अशा पोखरलेल्या डिव्हाईसचं जाळं) बद्दल लोकांना सावध केलं आणि जुलैमधे गूगल ते जाळं चालवणाऱ्या टोळीविरुद्ध न्यूयॉर्कच्या कोर्टात गेलं, तेव्हा बिनसर्टिफिकेटच्या १ कोटीवर डिव्हाईसचा आकडा त्यांनी दिला. असा बॉक्स घरात असला की तुमच्या नेटवरनं दुसराच कुणीतरी आपले उद्योग करतो, तुम्हाला कळतसुद्धा नाही, आणि उद्या पोलिसांचा फोन आला तर तो तुमच्या नावावर येणार, कारण कनेक्शन तुमच्या नावावर आहे. आधी बॉक्स सर्टिफाईड आहे का बघा, गूगलच्या साईटवर अँड्रॉइड टीव्हीच्या भागीदार कंपन्यांची यादी आहे, त्यात नाव नसेल तर गेम कुठला टाकायचा हा प्रश्नच येत नाही.

आणि ज्यांनी नवी स्टिक घेतलीय किंवा घेणार आहेत त्यांनी हे वाचाच, ॲमेझॉननं २०२५ मधे फायर टीव्ही स्टिक फोरके सिलेक्ट काढली ती अँड्रॉइडवर नाही, वेगा ओएस म्हणून त्यांचं स्वतःचं आहे त्यावर आहे, तिच्यात बाहेरची एपीके टाकताच येत नाही, ॲमेझॉनच्या स्टोअरमधे जे आहे तेवढंच. लेखातल्या पायऱ्या तिच्यावर शोधत बसलात तर रविवार जाईल.

तर माझी मागणी दोनच गोष्टींची आहे. तुमच्या ग्राहक पानावर हा विषय घ्या आणि वैधमापन खात्याला आणि ह्या कंपन्यांना विचारा की मोकळी जागा, रॅम आणि चालणाऱ्या पॅडची नावं खोक्यावर छापायची सक्ती का करता येत नाही, ८ जीबी लिहून निम्मे हातात देणं हे मापात पाप आहे की नाही. आणि पुढच्या पुरवणीत त्या लेखातलं एडीबीचं वाक्य आणि तो फोटो दुरुस्त करा, बारीक अक्षरात कोपऱ्यात टाकू नका, जेवढ्या अक्षरात मूळ लेख होता तेवढ्याच अक्षरात. लेखकसाहेबांना वेळ असेल तर मिरजेला पाठवून द्या, संध्याकाळी माझ्याबरोबर चार घरं फिरू, चहा प्रत्येक घरात मिळतो.

कळावे,
आपला नेहमीचा वाचक, एक केबलवाला, मिरज

ता. क. : बॉक्सला यूएसबी पोर्ट असेल तर पेनड्राईव्ह लावून त्याला डिव्हाईस स्टोरेज म्हणून फॉरमॅट करता येतं आणि काही गेम तिकडं हलवता येतात, जागेची अडचण बऱ्यापैकी सुटते. पण फॉरमॅट केल्यावर आतलं सगळं पुसलं जातं आणि तो पेनड्राईव्ह नंतर दुसरीकडं वाचता येत नाही, तेव्हा बारशाचे फोटो असलेला लावू नका, नवीन घ्या, आणि घेताना यूएसबी ३ चा घ्या.